विश्लेषण : मंदिर, दर्गा, नदीकाठ… पवित्र स्थळी मन अंतर्मुख का होते? कबनूरच्या आसपास याची काय उत्तरे मिळतात?

यंत्रमागांची खडखड दिवसरात्र ऐकू येणाऱ्या कबनूर-इचलकरंजी पट्ट्यातून निघाले, की तास-दीड तासात खिद्रापूर, नृसिंहवाडी, कुरुंदवाड आणि कुंभोजजवळचे बाहुबली ही चार ठिकाणे गाठता येतात. प्रत्येकाचा धर्म, काळ आणि बांधणी वेगळी. तरीही तिथून परतणारा माणूस बऱ्याचदा एकच वाक्य बोलतो : ‘जरा बरे वाटले.’ हे बरे वाटणे नेमके कशामुळे? देवाधर्मावर फारसा विश्वास नसणाऱ्यालाही तिथे आवाज खाली का आणावासा वाटतो? आणि ज्या गोष्टींमुळे हे घडते, त्या टिकवल्या जात आहेत का?

सुरुवात कबनूरपासून का?

कबनूर हे हातकणंगले तालुक्यातील, इचलकरंजीला अगदी लागून असलेले गाव. इचलकरंजीत १९०४ मध्ये विठ्ठलराव दातार यांनी पहिला यंत्रमाग बसवला. पुढे हे शहर ‘महाराष्ट्राचे मँचेस्टर’ म्हणून ओळखले जाऊ लागले आणि २०२२ मध्ये तिथे महापालिका झाली. शहरातले माग आजूबाजूच्या गावांतही पसरले. कबनूरच्या अनेक गल्ल्यांमध्ये घर आणि कारखाना यांच्यात एका भिंतीचे अंतर असते. दिवसपाळी संपते तेव्हा रात्रपाळी सुरू होते.

मागावर बाण्याचा धागा तुटला किंवा कांडी संपली, की माग थांबतो. कामगार कांडी बदलतो आणि माग पुन्हा सुरू करतो. माणसाच्या रोजच्या धावपळीत मात्र असे थांबणे आपोआप घडत नाही. आजारपण, अपघात किंवा घरातला मृत्यू यांनीच तो थांबतो. पवित्र स्थळांचे पहिले काम हेच, की ती कोणतेही संकट न येता माणसाला थांबवतात. पायताण बाहेर काढायला लावतात, मान वाकवायला लावतात, आवाज बंद करायला लावतात. विचार त्यानंतर सुरू होतो.

‘भारावून जाणे’ म्हणजे नेमके काय?

जर्मन धर्मअभ्यासक रुडॉल्फ ओटो यांनी १९१७ मध्ये पवित्रतेच्या अनुभवावर एक गाजलेले पुस्तक लिहिले. पवित्र गोष्टीपुढे माणसाला एकाच वेळी दरारा वाटतो आणि ओढही वाटते, असे त्यांचे म्हणणे होते. मराठी माणसाला हे वेगळे सांगावे लागत नाही. ‘जागृत देवस्थान’ या शब्दात दरारा आणि ओढ दोन्ही आहेत.

२००३ मध्ये डॅकर केल्टनर आणि जोनाथन हाइट या अमेरिकी मानसशास्त्रज्ञांनी या भावनेची दोन लक्षणे मांडली. पहिले, समोर आपल्यापेक्षा खूप मोठे काहीतरी असणे. ते आकाराने, काळाने किंवा सामर्थ्याने मोठे असू शकते. दुसरे, ते समजून घेण्यासाठी मनातली जुनी चौकट थोडी हलवावी लागणे. म्हणजे नुसते मोठे असून भागत नाही. मोठा मॉल पाहून कोणी अंतर्मुख होत नाही, कारण मॉल कशासाठी आहे हे आधीच ठाऊक असते.

२०१५ मध्ये कॅलिफोर्नियात झालेल्या एका प्रयोगात काही जणांना उंच निलगिरीच्या झाडांकडे एक मिनिट पाहायला सांगितले, तर काही जणांना त्याच वेळी एका इमारतीकडे. त्यानंतर त्यांच्यासमोर एकाच्या हातातली पेने खाली पडली. झाडांकडे पाहिलेल्यांनी ती उचलून देण्यात जास्त मदत केली. स्वतःचे महत्त्व क्षणभर कमी झाले, की दुसऱ्याकडे लक्ष जाते, असा त्याचा अर्थ संशोधकांनी लावला. कबनूरच्या आसपासची ठिकाणे हेच काम वेगवेगळ्या साधनांनी करतात : कुठे उजेडाने, कुठे पाण्याने, कुठे मूर्तीने, तर कुठे शेजाऱ्याने.

खिद्रापूरच्या मंदिराला छतात गोल मोकळी जागा का?

कुरुंदवाडच्या पुढे, कर्नाटकच्या सीमेला टेकून, कृष्णेच्या काठी खिद्रापूर आहे. तिथले कोपेश्वर मंदिर शिलाहार काळातले, साधारण बाराव्या शतकातले मानले जाते. दक्षिण दरवाजाजवळ यादव राजा सिंघणाचा शके ११३६ चा, म्हणजे सुमारे १२१३-१४ मधला, देवनागरी शिलालेख आहे. मंदिराच्या पायाशी दगडी हत्तींची रांग असून जणू साऱ्या मंदिराचा भार त्यांच्या पाठीवर आहे.

मंदिरात शिरताना पहिला लागतो तो स्वर्गमंडप. अठ्ठेचाळीस खांबांचा हा गोलाकार मंडप छताच्या मध्यभागी उघडा आहे. सुमारे तेरा फूट व्यासाच्या त्या वर्तुळातून आकाश दिसते. त्याच्या बरोबर खाली जमिनीवर गोल दगडी शिळा आहे. भोवती बारा खांबांचे कडे आणि वर अष्टदिक्पाल.

येणारा माणूस आधी या उजेडात उभा राहतो. तिथून पुढे सभामंडप, मग अंतराळ, मग गाभारा. पावलागणिक उजेड कमी होत जातो. डोळ्यांना अंधाराची सवय व्हायला वेळ लागतो, म्हणून चाल आपोआप मंदावते. गाभाऱ्यात काही दिसू लागण्याआधी काही क्षण काहीच दिसत नाही. शांत होण्याची पाटी लावलेली नसतानाही माणूस तिथे शांत होतो, याचे एक कारण ही रचना आहे. त्या काळच्या शिल्पींनी दगडाइतकाच विचार उजेडाचाही केलेला दिसतो.

उघड्या छताची ही कल्पना जगात इतरत्रही सापडते. रोममधील पँथिऑन या दुसऱ्या शतकातील वास्तूच्या घुमटात सुमारे नऊ मीटर रुंदीची गोल मोकळी जागा आहे. पाऊस आला की तो थेट आत पडतो आणि जमिनीतल्या छिद्रांतून वाहून जातो. दोन्ही वास्तूंचा एकमेकींशी संबंध नाही. पण बांधणाऱ्यांना एकच गोष्ट उमगली होती : भिंतींनी जग बाहेर ठेवायचे आणि वरून आकाश तेवढे आत घ्यायचे.

कोपेश्वर हे नाव कशावरून?

दक्षाच्या यज्ञात सतीने देह टाकल्यावर शिव कोपला आणि त्याचा राग विष्णूने शांत केला, अशी कथा सांगितली जाते. कोपलेला तो कोपेश्वर आणि समजूत घालणारा विष्णू तो धोपेश्वर. गाभाऱ्यात या दोघांची दोन लिंगे आहेत. शिवमंदिर असूनही इथे नंदी नाही. सती माहेरी गेली ती नंदीवर बसून, म्हणून नंदी पलीकडे कर्नाटकातल्या यडूरला आहे, असे लोक सांगतात.

कथा खरी की खोटी, हा प्रश्न इथे दुय्यम आहे. राग आलेल्या देवाचे मंदिर बांधताना त्याच्या शेजारीच समजूत घालणाऱ्याला जागा दिली, ही गोष्ट पाहणाऱ्याच्या मनात राहते. आणि नंदीची रिकामी जागा पाहून ‘नंदी कुठे?’ असे जो विचारतो, त्याला सारी कथा ऐकावी लागते. म्हणजे इथे नसलेली वस्तूही विचार करायला लावते.

चंद्र आणि सूर्य ठरलेल्या दिवशीच कसे येतात?

कार्तिक पौर्णिमेच्या मध्यरात्री चंद्र स्वर्गमंडपाच्या वर्तुळावर येतो, म्हणून त्या रात्री खिद्रापूरला गर्दी होते. यामागचे खगोलशास्त्र सोपे आहे. पौर्णिमेचा चंद्र सूर्याच्या बरोबर विरुद्ध बाजूला असतो. नोव्हेंबरच्या मध्याला सूर्य विषुववृत्ताच्या दक्षिणेला सुमारे अठरा अंशांवर असतो, तेव्हा पूर्ण चंद्र साधारण तितकाच उत्तरेला असतो. खिद्रापूर आहे सुमारे १६.७ अंश उत्तर अक्षांशावर. त्यामुळे मध्यरात्रीच्या सुमारास चंद्र जवळपास डोक्यावर येतो. चंद्राची कक्षा सूर्यमार्गाशी पाच अंशांनी कललेली आहे आणि तिथीही पुढेमागे होते, म्हणून दरवर्षी तो अगदी त्याच बिंदूवर नसतो. पण वर्तुळ मोठे असल्याने चांदणे आत उतरते.

कोल्हापूरच्या अंबाबाई मंदिरातला किरणोत्सवही असाच. मंदिर पश्चिमाभिमुख आहे. ९ ते ११ नोव्हेंबर आणि ३१ जानेवारी ते २ फेब्रुवारी या काळात मावळतीची किरणे महाद्वारातून आत येतात आणि तीन दिवसांत चरणांपासून मुखापर्यंत पोहोचतात, अशी परंपरा आहे. नोव्हेंबर आणि फेब्रुवारी या दोनच वेळा का? सूर्य २१ डिसेंबरच्या सुमारास सर्वांत दक्षिणेला जातो आणि परत फिरतो. त्या दिवसाच्या साधारण बेचाळीस दिवस आधी आणि तितकेच दिवस नंतर तो क्षितिजावर एकाच जागी मावळतो. त्या दोन तारखा म्हणजेच किरणोत्सवाचे दोन काळ.

हे गणित कळल्यावर चमत्कार संपतो का? अनेकांचा अनुभव उलटा आहे. घड्याळ, दुर्बीण नसताना पिढ्यान्‌पिढ्या आकाशाकडे पाहून कोणीतरी ही नोंद ठेवली आणि ती दगडात बसवली, हे समजले की आश्चर्य वाढते. फक्त ते आश्चर्य देवाबरोबर माणसाबद्दलही वाटू लागते.

नृसिंहवाडीत देव स्वतः जागा का सोडतो?

कृष्णा आणि पंचगंगेच्या संगमावर नृसिंहवाडी आहे. लोकांची नरसोबाची वाडी. नृसिंह सरस्वतींचा इथे बारा वर्षे मुक्काम होता, असे मानले जाते. मंदिरात मूर्ती नाही. औदुंबराच्या सावलीत ‘मनोहर पादुका’ आहेत. मंदिराला नेहमीसारखे उंच शिखर नाही. विजापूरच्या आदिलशहाने मुलीची दृष्टी परत आल्यावर हे बांधकाम करून दिले, अशी कथा इथे सांगतात. पादुका म्हणजे येऊन गेलेल्याची खूण. पाहणाऱ्याच्या मनात पहिला विचार येतो तो ‘कोणीतरी इथे राहून पुढे गेले’ हा.

पावसाळ्यात कृष्णा चढू लागली, की पाणी उत्तरेच्या दारातून मंदिरात येते, पादुकांवरून वाहते आणि दक्षिणेच्या दारातून बाहेर पडते. याला ‘दक्षिणद्वार सोहळा’ म्हणतात. त्या पाण्यात स्नान करायला लोक लांबून येतात. पाणी आणखी वाढले, की उत्सवमूर्ती वरच्या बाजूला नारायणस्वामींच्या मंदिरात हलवली जाते. पूर ओसरला की गाळ काढला जातो आणि नित्याची पूजा पुन्हा सुरू होते.

नदीला अडवण्याऐवजी तिला आत येऊ देण्याची ही पद्धत आहे. पाणी येणार, हे गृहीत धरून सारे बेत आखलेले आहेत. पूर म्हणजे फक्त आपत्ती नव्हे, तो नदीचा स्वभाव आहे, ही समज इथे विधीच्या रूपात टिकली. २००५, २०१९ आणि २०२१ च्या महापुरांनी शिरोळ तालुक्यातील गावे पाण्याखाली गेली. २०१९ मध्ये कोल्हापुरात राजाराम बंधाऱ्यावर पंचगंगेची पातळी ५५ फुटांवर गेली होती; धोक्याची पातळी ४३ फूट आहे. त्यानंतर पूररेषेत झालेल्या बांधकामांवर बरीच चर्चा झाली. देवाने शेकडो वर्षे पावसाळ्यात नदीला जागा करून दिली. माणसाने मात्र नदीच्या जागेत भिंती घातल्या. संगमाच्या घाटावर बसणाऱ्याला हा फरक चटकन दिसतो.

बाहुबलीच्या मूर्तीत काय आहे?

कुंभोजजवळच्या डोंगरावर बाहुबलीची अठ्ठावीस फूट उंचीची पांढरी संगमरवरी मूर्ती उभी आहे. कर्नाटकातील श्रवणबेळगोळची मूर्ती सत्तावन्न फुटांची आणि हजार वर्षांहून जुनी; त्या मानाने ही लहान आणि अलीकडची. पण शिरोळ-हातकणंगले भागात जैन शेतकरी समाज मोठा आहे, त्याच्यासाठी हे घरचे तीर्थ आहे. आणि कथा दोन्हीकडे तीच आहे.

ऋषभदेवांचे दोन पुत्र, भरत आणि बाहुबली, राज्यासाठी लढले. सैन्याचा बळी जाऊ नये म्हणून दोघांनीच द्वंद्व करायचे ठरले : दृष्टियुद्ध, जलयुद्ध, मल्लयुद्ध. तिन्हींत बाहुबली जिंकला. आणि जिंकल्याच्या क्षणी त्याने राज्य सोडून दिले. तो इतका काळ निश्चल उभा राहिला, की त्याच्या अंगावर वेली चढल्या. तरीही मनातला शेवटचा सल सुटेपर्यंत त्याला ज्ञान मिळाले नाही, असे परंपरा सांगते.

हरलेल्याने सोडून देणे सोपे असते, कारण त्याच्याकडे सोडायला काही उरलेले नसते. जिंकलेल्याने सोडले, म्हणून ही मूर्ती लक्षात राहते. भावाभावांतली वाटणी, बांधाचे वाद, कारखान्यातली भागीदारी तुटणे, हे या भागातल्या घराघरांतले विषय आहेत. पायऱ्या चढून दम लागलेला माणूस वर पोहोचतो आणि समोर हा भाऊ उभा असतो. प्रवचनाची गरज पडत नाही.

कुरुंदवाडच्या मशिदीत गणपती कसा?

कुरुंदवाड हे पटवर्धन संस्थानिकांचे गाव. इथल्या पाच मशिदींमध्ये गणेशोत्सवात गणपती बसवला जातो. सजावट, आरती, प्रसाद यांत हिंदू आणि मुस्लिम दोघेही असतात. मोहरम आणि गणेशोत्सव एकत्र आले, की पीरपंजे आणि गणपती एकाच छताखाली दिसतात.

असे एकत्र येणे क्वचित घडते. हिजरी वर्ष सौर वर्षापेक्षा सुमारे अकरा दिवसांनी लहान असते आणि त्यात अधिक मास नसतो. त्यामुळे मोहरम दरवर्षी मागे सरकत जातो आणि साधारण बत्तीस-तेहतीस वर्षांनी पुन्हा भाद्रपदाजवळ येतो. २०१८ ते २०२० या काळात हा योग आला होता. पुढची वेळ येईपर्यंत आजची लहान मुले संसारात पडलेली असतील.

कबनूरकरांना हे नवे नाही. गावच्या दर्ग्याच्या उरुसात गलेफ घेऊन जाणाऱ्यांमध्ये सर्व समाजांतले लोक असतात. पश्चिम महाराष्ट्रातल्या अनेक गावांत पीर हा ‘आपला’ देव असतो, त्याची जात विचारली जात नाही. या परिसरात तणावाचे प्रसंग आले नाहीत, असे नाही. पण अशा वेळी कोणी ‘आपल्याकडे असे नसते’ असे म्हणाला, तर त्याला दाखवायला एक जिवंत जागा असते. एरवी प्रार्थनास्थळ माणसाला देवाचा विचार करायला लावते. कुरुंदवाडची मशीद त्याला शेजाऱ्याचा विचार करायला लावते.

पवित्र जागा नेहमी शांतच करते का?

नाही. कधी ती अस्वस्थही करते, आणि त्यातूनही मोठे घडते. याचे सर्वांत ठळक उदाहरण कोल्हापुरातच आहे. १८९९ च्या सुमारास राजर्षी शाहू महाराज कार्तिक महिन्यात पंचगंगेवर स्नानाला जात. तिथे पुरोहित वेदोक्त मंत्रांऐवजी पुराणोक्त मंत्र म्हणत असल्याचे लक्षात आले. कारण विचारले, तेव्हा छत्रपतींनाही शूद्र मानले जात असल्याचे उघड झाले. यातून वेदोक्त प्रकरण उभे राहिले.

गादीवर बसलेल्या राजाला घाटावर आपली जात दाखवली जाते, तर ज्यांना घाटावर पाऊलही ठेवता येत नाही त्यांचे काय? शाहू महाराजांच्या पुढच्या वाटचालीत या प्रसंगाचा वाटा मोठा होता, असे अभ्यासक मानतात. २६ जुलै १९०२ रोजी त्यांनी संस्थानच्या नोकऱ्यांत रिकाम्या होणाऱ्या जागांपैकी पन्नास टक्के जागा मागास वर्गांसाठी राखून ठेवण्याचा हुकूम काढला. पुढे १९४७ च्या मे महिन्यात साने गुरुजींनी पंढरपूरचे विठ्ठल मंदिर दलितांना खुले व्हावे म्हणून उपोषण केले आणि मंदिर खुले झाले.

म्हणून पवित्र स्थळाबद्दल बोलताना ‘तिथे मन शांत होते’ एवढे पुरेसे नाही. कोणाचे मन? आत कोणाला जाता येते? हा प्रश्नही तिथेच उभा राहतो आणि तो टाळून आलेली शांती अर्धीच असते. संत गाडगेबाबांनी याच कारणाने मूर्तीपेक्षा माणसाकडे बोट दाखवले. हातात खराटा घेऊन त्यांनी गावे झाडली आणि यात्रेकरूंसाठी धर्मशाळा बांधल्या.

ही ताकद कशामुळे कमी होते?

या स्थळांचा प्रभाव उजेड, अंधार, शांतता, पाणी आणि मोकळी जागा यांवर उभा आहे. यांतली एकेक गोष्ट गेली, की दगड तोच राहतो, परिणाम राहत नाही. किरणोत्सवाच्या मार्गात उंच इमारती, फलक आणि वाढीव बांधकामांचे अडथळे आले. त्यामुळे अभ्यासकांना किरणांची तीव्रता मोजावी लागते आणि प्रशासनाला अडथळे हटवावे लागतात. ढग आणि धूळ यांचाही त्यात वाटा असतो.

इतरत्र हे हळूहळू घडते, म्हणून लक्षात येत नाही. गाभाऱ्यात ट्यूबलाइट लागली, की उजेडाकडून अंधाराकडे जाण्याचा अनुभव संपतो. दगडाला ऑइलपेंट दिला, की हातोडीच्या खुणा झाकल्या जातात. ध्वनिक्षेपक लागला, की झाडावरचे पक्षीही ऐकू येत नाहीत. यांतली प्रत्येक गोष्ट भाविकांच्या सोयीसाठी केली जाते. कोपेश्वर मंदिर संरक्षित स्मारक असल्याने तिथे असे बदल सहज होत नाहीत. गावोगावच्या लहान मंदिरांना ते कवच नाही.

फोनचे वेगळेच आहे. स्वर्गमंडपाच्या शिळेवर उभे राहून वर पाहण्याऐवजी आता हात वर जातो. फोटो काढण्यात गैर काही नाही. पण फोटो काढताना माणूस ती जागा कशी दिसेल याचा विचार करतो, आणि तिथे घडणे अपेक्षित असते ते उलटे : त्या जागेपुढे आपण कसे दिसतो, याचा विचार.

मग पंचगंगेचे काय?

नृसिंहवाडीच्या संगमावर एक गोष्ट कबनूर-इचलकरंजीहून आलेल्या माणसाला इतरांपेक्षा जास्त भिडायला हवी. तिथे कृष्णेला मिळणारी पंचगंगा कोल्हापूर आणि इचलकरंजीच्या कडेने वाहत आलेली असते. वाटेत तिच्यात शहरांचे सांडपाणी मिसळते आणि कापड प्रक्रिया उद्योगांचे पाणीही. संगमाआधी लागणाऱ्या तेरवाड बंधाऱ्याजवळ मेलेल्या माशांचा खच पडल्याच्या बातम्या वारंवार येतात. २०१२ मध्ये इचलकरंजीत काविळीची साथ पसरली, माणसे दगावली आणि दूषित पाण्याचा प्रश्न राज्यभर गाजला.

म्हणजे ज्या पाण्याला हात जोडायचे, त्यात आपल्याच गावचा रंग उतरलेला असू शकतो. मागावर विणलेले कापड ज्या रंगात बुडवले, तो रंग कुठे गेला, याचे उत्तर नदीकाठी मिळते. हा प्रश्न कोणा एका कारखान्याचा नाही आणि एका दिवसात सुटणाराही नाही. सांडपाणी प्रक्रिया केंद्रे, त्यांची देखभाल, नियमांची अंमलबजावणी, कापडाचा दर आणि प्रक्रियेचा खर्च अशा अनेक गोष्टी त्यात गुंतल्या आहेत. पण तीर्थाला जाऊन आलेला माणूस वॉर्डसभेत किंवा ग्रामसभेत सांडपाण्याबद्दल एक प्रश्न विचारतो का, यावर त्या तीर्थाने त्याला काय दिले हे ठरते. तसा प्रश्न विचारला गेला, तर दक्षिणद्वाराला येणारे पाणी पुढच्या पिढीला निर्धास्तपणे अंगावर घेता येईल.

जायचे असेल तर कसे जावे?

चारही ठिकाणे एका दिवसात ‘उरकता’ येतात, पण तसे न केलेले बरे. एका दिवशी एक ठिकाण पुरे. खिद्रापूरला सकाळी लवकर गेल्यास गर्दी कमी असते. स्वर्गमंडपात थोडा वेळ उभे राहून, डोळ्यांना सवय होऊ देत आत जावे. हत्तींच्या रांगेला एक संथ फेरी मारावी. मंदिर पाहिल्यावर गावातले जुने आदिनाथ जैन मंदिरही पाहता येते.

नृसिंहवाडीला पौर्णिमा आणि शनिवार-रविवार टाळून गेल्यास घाटावर बसायला जागा मिळते. पावसाळ्यात निघण्यापूर्वी रस्ते आणि बंधारे सुरू आहेत का, याची चौकशी आवश्यक आहे. बाहुबलीला उन्हे चढण्यापूर्वी पायऱ्या चढाव्यात. कुरुंदवाडला गणेशोत्सवात जावे; पण मशीद असो वा मंदिर, आत जाण्यापूर्वी तिथल्या माणसांना विचारावे. फोन खिशात ठेवून दहा मिनिटे बसता आले, तरी फरक जाणवतो.

आणि एवढ्या लांब जायला जमले नाही, तरी बिघडत नाही. कबनूरमध्ये पहाटे पाळी बदलताना माग थोडा वेळ गप्प होतात आणि मशिदीतली अजान आणि देवळातली घंटा, दोन्ही स्पष्ट ऐकू येतात. रात्रपाळीचा कामगार घरी निघालेला असतो आणि दिवसपाळीचा डबा घेऊन येत असतो. त्या मधल्या वेळेत गावातल्या कोणत्याही ओट्यावर पाच मिनिटे टेकता येते.